शब्द हातात द्यायचा नाही

शाळेत तिला सगळे थांबाबाई म्हणायचे. तोंडावर नाही म्हणायचे, एवढी भीड शाळेत शिल्लक होती. पण पाठ फिरली की शिपायापासून मुख्याध्यापकांपर्यंत सगळ्यांच्या तोंडी तेच. नाव पाडलं होतं पोरांनी, आणि पोरांनी पाडलेलं नाव कागदावरच्या नावापेक्षा टिकाऊ असतं. एकदा एका नव्या मुलाची आई फाटकात तिलाच अडवून विचारायला लागली, "थांबाबाई कुठं बसतात हो?" तर हिनं पापणीही न हलवता सांगितलं, "जिन्याखाली. चला, मीच नेते तुम्हाला."

जिन्याखाली तिरक्या छताची एक खोली होती. पूर्वी तिथं मोडके बाक टाकलेले असत. आता तिथं अर्ध्या भाकरीच्या आकाराचं एक टेबल होतं. टेबलाच्या आतल्या बाजूला बाई, बाहेरच्या कडेनं चार-पाच बुटक्या खुर्च्या. एका वेळी पोरं तेवढीच. ज्यांचं वाचन साधारण एकाच पायरीवर आहे, अशांचा एक गट वर्गातून यायचा, वाचायचा, जायचा, मग दुसरा. भिंतीला टेकून लाल, पिवळ्या, निळ्या टोपल्या. लाल टोपलीत एका पानावर एकच ओळ असलेली सोपी पुस्तकं, निळीत त्याहून अवघड. कुठला रंग हुशारांचा हे बाईनं कधी कुणाला सांगितलं नव्हतं, आणि शाळेतल्या झाडून सगळ्या पोरांना ते पाठ होतं.

तिची रीत अशी. पुस्तक सगळ्यांना एकच, पण प्रत्येकाची प्रत वेगळी. आधी नुसती चित्रं बघत पानांतून एक फेरी मारायची आणि काय काय होणार याचा अंदाज बांधायचा. मग प्रत्येकानं आपापल्या चालीनं, कुजबुजत वाचायचं. खोलीतून ती कुजबुज सुरू झाली की जिन्यावरून जाणाऱ्याला वाटे, आत कुणीतरी कुणाच्या तरी चहाड्या करतंय. बाई एकेका पोराकडे कान झुकवायची, दोन ओळी ऐकायची, पुढच्याकडे वळायची. आणि पोर अडलं की ती थांबायची.

सांगायला सोपं आहे हे. करून बघा. समोर एवढंसं पोर एका शब्दाशी झटतंय, ओठ हलतायत, कपाळावर घाम आलाय, आणि तुम्हाला शब्द माहीत आहे. आपला जीव वरखाली होतो आणि शब्द तोंडातून निसटतो. भल्याभल्यांचा निसटतो. बाईचा निसटत नसे. ती हनुवटी तळहातावर टेकून, घरी चूलही पेटवायची नाही आणि कपडेही वाळत घालायचे नाहीत अशा निवांतपणे बसून राहायची. "शब्द हातात द्यायचा नाही," नव्या शिक्षकांना ती सांगायची. "दिलात की तो तुमचा झाला. त्याचा नाही होत." पोरानं चित्राकडे चोरून बघितलं की ती चित्रावर सरळ तळहात ठेवायची. "चित्र सोड. अक्षरं काय म्हणतात?" आणि शेजारच्या शहाण्यानं मध्येच उत्तर फेकलं की तिचा तो ठरलेला शब्द यायचा, "थांबा."

लाल टोपलीच्या गटात हा शब्द दिवसभर चालायचा, कारण त्या गटात घाईसाहेब होते. हे एक सात वर्षांचे चिरंजीव. त्याला स्वतःच्या पुस्तकातलं धड येत नसे, पण दुसऱ्याच्या पुस्तकातलं सांगायला नेहमी पुढं. त्याच्या शेजारी मुंगी. मुंगी म्हणजे गटातली सगळ्यात बारकी आणि सगळ्यात हळू मुलगी. एक ओळ वाचायला तिला एवढा वेळ लागे की घाईसाहेब मध्ये दोनदा पाणी पिऊन यायचे. पण मुंगीनं काढलेला शब्द मुंगीचाच असे. बाईचा तिच्यावर फार जीव होता.

आता अशा बाईला नवरा कसा मिळावा? तर बोलका. नुसता बोलका नाही, तोंडाचा पट्टा सुरू झाला की थांबायचं नाव नाही. पडदे आणि सोफ्याचं कापड विकण्याच्या दुकानात ते कामाला होते, म्हणून सगळा शेजार त्यांना पडदेवाले म्हणे. बोलणाऱ्याचे कुळीथ विकतात आणि न बोलणाऱ्याचे गहू विकत नाहीत म्हणतात, ते यांच्याकडे बघूनच. ज्याच्या घराला खिडकी नाही त्यालाही हा गृहस्थ पडदा विकेल, असं मालक कौतुकानं म्हणायचा. घरी आले की दुकानातल्या प्रत्येक गिऱ्हाइकाची नक्कल. बाई भाजी चिरत ऐकायची. तिचं बोलणं जेमतेम, पण ते कुठं थांबले की ही "मग?" म्हणायची, आणि गाडी पुन्हा सुरू. "आमच्या बाईसाहेबांनी एक 'मग' म्हटलं की मला अर्धा तास पुरतो," ते लोकांना सांगायचे.

लेक बापावर गेलेली. ती दातांच्या दवाखान्यात काउंटरवर बसायची. तिथं माणसं सुई टोचून घेऊन, अर्धं तोंड सुन्न होऊन बाहेर यायची आणि फाफलत काहीतरी विचारायची. लेक पहिल्या अक्षरात ओळखायची. "गोळी जेवणानंतर. हो, चूळ भरायची. नाही, आज गरम नको." समोरच्याचं वाक्य पुरं करून द्यायची तिला इतकी सवय झाली होती की घरीही ती कुणाला शेवटपर्यंत बोलू देत नसे. बापलेक बोलायला बसले की दोन पंखे एकदम लावल्यासारखं घर घुमायचं. बाईला ते आवडायचं. स्वतःला बोलावं लागत नाही, आणि घर भरलेलं राहतं.

मग एका दुपारी दुकानात, एका बाईला फुलाफुलांचं कापड उलगडून दाखवता दाखवता, पडदेवाले वाक्याच्या मध्येच गप्प झाले. मेंदूचा झटका होता. जीव वाचला. उजवा हात गेला, चेहऱ्याची एक बाजू ओघळली, आणि बोलणं गेलं. सगळं नाही गेलं. कळत सगळं होतं, पण शब्द सापडत नव्हते. चहा हवा असला की तोंड उघडायचे, चाचपडायचे आणि शेवटी डाव्या हातानं कपाकडे बोट दाखवायचे. ज्या माणसानं आयुष्यभर दुसऱ्याला बोलू दिलं नाही, त्यानं कपाकडे बोट दाखवावं. हे बघून बाई न्हाणीघरात जाऊन नळ सोडून रडायची.

हॉस्पिटलात बोलणं शिकवणारी एक तरुण मुलगी होती. तिनं सांगितलं, "त्यांना वेळ द्या. वाक्यं तुम्ही पुरी करू नका. खुणा करून भागलं तर ते बोलायचा प्रयत्नच सोडतील." बाईनं ऐकलं आणि, खरं ते सांगायला हवं, तिला आतून बरं वाटलं. एवढ्या अंधारात एक गोष्ट अशी निघाली होती जी तिच्याइतकी कुणालाच येत नव्हती. "हे तर माझंच काम," ती म्हणाली. त्या मुलीनं तिची शाळा, खोली, रीत सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मग तुम्हाला मी काय शिकवणार?"

झालं. खिडकीजवळच्या जेवणाच्या टेबलावर रोजचा वर्ग सुरू झाला. लाल टोपलीतली पुस्तकं घरी आली. चेंडू, मांजर, झाड. पडदेवाल्यांनी पहिलं पुस्तक बघितलं आणि ओघळलेल्या ओठानं हसले. त्या हसण्यात काय होतं ते बाईला समजलं, पण ती म्हणाली, "हसा. आणि हे काय ते सांगा." ते डाव्या हातानं चित्राकडे, खिडकीकडे, कशाकडेही बोट दाखवायला लागले की ती त्यांचा हात अलगद धरायची, टेबलावर ठेवायची आणि वर आपला तळहात ठेवायची. "हात नाही. सांगा." मग थांबायची. पहिले काही दिवस काही म्हणता काही आलं नाही.

लेकीला हे बघवत नसे. ती कामावरून आली की बापाच्या तोंडाकडे बघून भराभरा शब्द पुढं करायची. "पाणी? चष्मा? टीव्ही लावू? पंखा?" आणि पडदेवाले सुटल्यासारखी मान हलवायचे. बाई चिडायची. ती चिडली की आवाज आणखी खाली जायचा.

"शब्द हातात देऊ नकोस त्यांच्या."

"आई, ते पाणी मागतायत. परीक्षा नाही देत."

"आज तू दिलास, उद्या मी दिला, मग त्यांना बोलायची गरजच राहणार नाही. तुझा बाप मुका होऊन बसेल आणि त्याला आपणच बसवलेलं असेल."

"तू बायको आहेस त्यांची," लेक म्हणाली. "शाळेत घातल्यासारखं काय करतेस त्यांना?"

बाई पुस्तकं आवरायला लागली. पण उत्तर आलं, थोड्या दिवसांनी, आणि ते पडदेवाल्यांनीच दिलं. सकाळचं ऊन डोळ्यांवर येत होतं. त्यांचा हात उठायला लागला, बाईनं तो धरला, ती थांबली. ते झटत राहिले, आणि मग जड, चिखलातून काढल्यासारखा, पण पुरा शब्द बाहेर आला. "पडदा." आयुष्यभर ज्याच्यावर पोट भरलं तो शब्द. बाई उठली, पडदा ओढला, आणि तिथंच पडद्याला धरून रडली. ते पण रडले. संध्याकाळी लेकीला ऐकवायला म्हणून त्यांनी तो शब्द पुन्हा पुन्हा म्हटला, आणि लेक आईला म्हणाली, "चुकलं माझं."

त्यानंतर शब्द येत गेले. एकेक, रांगेत, लाजत. खिडकी आली, चहा आला, चष्मा आला. खालच्या मजल्यावर एक टॅक्सीवाला राहायचा, गाडी दारातच उभी असायची. त्याला एकदा जिन्यात गाठून ते म्हणाले, "गाडी... धू." टॅक्सीवाला जिनाभर हसला आणि खरंच गाडी धुतली. लेकीनं शब्द पुढं करणं सोडलं. तिच्या ओठांवर येऊन परत जायचे, पण ती तोंडावर हात ठेवून बसायची, आईकडे बघून. बाईला वाटायला लागलं, हा माणूस परत बोलेल. पहिल्यासारखा नाही, पण एखाद्या गिऱ्हाइकाची नक्कल करण्याइतका, आणि आपण "मग?" म्हणण्याइतका. तिला तेवढंच हवं होतं.

त्या दिवशी लेक लवकर गेली होती. बाईची शाळा दुपारची होती. चहा झाला, पुस्तक अजून काढलं नव्हतं, आणि पडदेवाले स्वतःहून काहीतरी सांगायला लागले. बाईनं कपबश्या उचलायच्या सोडल्या आणि समोर बसली. न विचारता, न पुस्तक दाखवता ते स्वतः सुरुवात करतायत, हे पहिल्यांदाच होत होतं. तिला इतका आनंद झाला की तिनं श्वाससुद्धा हळू घेतला.

ओठ उघडले, मिटले, उघडले. डावा हात टेबलावरून उठला. तिनं तो सवयीनं धरला, खाली ठेवला, वर आपला तळहात ठेवला. "हात नाही," ती हसून म्हणाली. "सांगा."

त्यांच्या कपाळावर घाम आला. मुंगीलाही येतो. तिच्या मनात शब्द येत होते: पाणी, पेपर, खिडकी, औषध. तिनं एकही उच्चारला नाही. तिच्या तळहाताखाली हात हलला, ओढ घेतली. तिनं जरा घट्ट धरला, पोराला धीर देताना धरतो तसा. ते तिच्याकडे बघत होते. ती मान हलवत होती, चांगलं चाललंय, चांगलं चाललंय. हातानं पुन्हा ओढ घेतली, पण त्या ओढीत आधीइतका जोर नव्हता. मग हात थांबला, आणि त्यांची मान खांद्यावर कलली. काहीतरी चुकतंय हे तिला तेव्हा कळलं.

त्यानंतर सगळं भराभर झालं. ती जिन्यात ओरडली. टॅक्सीवाला बनियनवरच धावत आला, दोघांनी मिळून त्यांना उतरवलं, गाडी सिग्नल न बघता हॉस्पिटलात नेली. या खेपेला डोक्याचं नव्हतं, हृदयाचं होतं. छातीत कळ आली होती. हात छातीकडेच जात होता, एवढंच.

लेक धापा टाकत पोचली तेव्हा डॉक्टर बाहेर येऊन पडदेवाले गेल्याचं सांगून मोकळे झाले होते आणि आता कागद भरत होते. "त्रास कधीपासून होत होता?" त्यांनी विचारलं. "थोडं आधी आणलं असतंत तर काही करता आलं असतं. म्हणून विचारतो."

"ते सांगत होते," बाई म्हणाली. "मी थांबले होते."

डॉक्टरांना काही समजलं नाही. म्हातारी गोंधळली आहे असं समजून त्यांनी मान डोलावली आणि कागदावर काहीतरी लिहिलं. पण लेक सुन्न तोंडांची भाषा समजणारी होती. तिला लगेच समजलं. तिनं आईकडे बघितलं, तोंड उघडलं आणि मिटून घेतलं. आणि मग दिवसकार्य, माणसं येणं, माणसं जाणं, सगळं झालं, तरी ते तोंड काही उघडलं नाही. म्हणजे बोलायची ती. भाजी कुठली आणू, गॅस संपलाय, उद्या मला उशीर होईल. आरोप एक नाही. बाईला वाटायचं, हिनं ओरडावं, ताट फेकावं, काय वाट्टेल ते म्हणावं. एवढं मोठं घर, त्यात दोघीच, आणि त्या दोघींच्या मध्ये ती सकाळ बसलेली. नवरा गेला तो गेलाच. आता ही लेकही अशी समोर बसूनच निघून चालली आहे, हे तिला दिसत होतं, आणि धरून ठेवायला कुठं हात घालावा ते उमगत नव्हतं.

शिवाय डॉक्टरांना तिनं जे सांगितलं, ते अर्धंच होतं. थांबले होते, एवढंच सांगितलं. हाताचं सांगितलं नव्हतं. ते तिनं कुणालाच सांगितलं नव्हतं.

ती शाळेत परत गेली तेव्हा जिन्याखालच्या खोलीत एक नवल घडायला लागलं. थांबाबाई थांबेनाशी झाली. पोर अडलं, एवढं नुसतं तिच्या कानानं टिपलं, की शब्द हिच्या तोंडातून बाहेर. मांजर. पायरी. भिजलं. घाईसाहेबांनासुद्धा तोंड घालायला जागा उरली नाही. खोलीतली कुजबुज कशी सुरळीत झाली, गट पुस्तकामागून पुस्तकं संपवायला लागला, आणि वर्गशिक्षिका म्हणाली, "अहो, लाल गट काय पळतोय!" पळत कुठला होता. बाईच्या खांद्यावर बसून चालला होता. बाईला ते पुरतं कळत होतं आणि तिचा इलाज चालत नव्हता. पोराच्या कपाळावर घाम दिसला की शब्द आपोआप निसटायचा. चित्रांवर हात ठेवणं तर तिनं सोडूनच दिलं होतं. हात ती मांडीवर, एकात एक अडकवून ठेवायची.

मुंगीनं हे बरेच दिवस बघून घेतलं. मुंगी बोलायलाही हळूच. एका दुपारी ती एका शब्दाशी अडली, आणि बाईनं शब्द सांगून टाकला. मुंगीनं वाचणं थांबवलं. पुढच्या पानावर पुन्हा अडली, बाईनं पुन्हा सांगितला. तेव्हा मुंगीनं पुस्तक मिटलं.

"मी काढणार होते तो," ती म्हणाली.

"बाई पूर्वी थांबायच्या," घाईसाहेब म्हणाले. "आता मला पण थांबा म्हणत नाहीत."

मुंगीनं पुस्तक उघडलं, पान शोधलं. मग टेबलावरून वाकून तिनं बाईच्या मांडीवरचा एक हात ओढून घेतला, चित्रावर पालथा ठेवला, आणि तो परत जाऊ नये म्हणून त्यावर स्वतःचा एवढासा तळहात दाबून धरला. "आता नाही सांगायचं," ती म्हणाली, आणि शब्दाला लागली.

बाईला हात काढून घ्यावासा वाटला. सहज निघाला असता, वजन ते काय त्या पंजाचं. तो दाबलेला हात कसा असतो, त्याच्या आत काय होतं, ते आज तिला पहिल्यांदा कळत होतं. शब्द तिच्या ओठांवर येऊन उभा होता. तिनं दात आवळले. मुंगीचे ओठ हलत होते. पहिलं अक्षर, दुसरं, पुन्हा पहिलं. नाकाच्या शेंड्यावर घामाचा थेंब. घाईसाहेब दोन्ही हातांनी स्वतःचं तोंड दाबून बसले होते. आणि या एवढ्या वेळात, बाईच्या मनात आलं, जिना उतरून टॅक्सीवाल्याचं दार ठोठावून झालं असतं. गाडी सुरू झाली असती. आपण शाळेत थांबतो ते कशाच्या जोरावर? मुंगीचा शब्द पानावर छापलेला आहे. तो कुठं जात नाही, आणि मला तो माहीत आहे. त्यांचा शब्द कुठं छापलेला होता? आपण कुठल्या भरवशावर थांबलो होतो?

"उतरली," मुंगी म्हणाली. मग सगळी ओळ पुन्हा वाचली. हात उचलला. "बघा. आला."

"आला," बाई म्हणाली. ती शाब्बास म्हणायला विसरली नाही. तिच्या गालांवरून पाणी चाललं होतं, ते पुसायला मात्र विसरली. मुंगीला वाटलं, आपण एवढं छान वाचलं म्हणून. त्या दिवशी मुख्याध्यापकांनी जिन्यावरून "थांबा" असं ऐकलं, आणि शिक्षकांच्या खोलीत जाऊन सांगितलं की बाई सावरल्या बरं का.

संध्याकाळी लेक आली, चपला काढल्या, पिशवी ठेवली. चहा झाला. जेवणाच्या टेबलाशी दोघी समोरासमोर बसल्या होत्या, आणि तिसरी खुर्ची खिडकीजवळ होती.

"मला एक सांगायचंय," बाई म्हणाली, आणि अडली.

लेकीनं मान वर केली. एरवी एव्हाना तिनं चार शब्द पुढं केले असते. दुखतंय का, पैसे हवेत का, शाळेत काही झालं का. तिनं एकही केला नाही. ती आईच्या तोंडाकडे बघत राहिली आणि तिनं चहाचा कप हळूच बाजूला सरकवला.

"तुझे बाबा," बाई म्हणाली. पुन्हा अडली. "ते हातानं दाखवत होते गं. छातीकडे नेत होते हात. मी तो धरून ठेवला. इथं, टेबलावर. त्यांनी ओढला. दोनदा ओढला. मी सोडला नाही."

लेकीनं टेबलावरच्या त्या जागेकडे बघितलं.

"तू काय म्हणालीस त्यांना?" तिनं विचारलं.

"हात नाही म्हणाले. सांगा म्हणाले." बाईचा आवाज इतका खाली गेला होता की लेकीला पुढं वाकावं लागलं. "हसून म्हणाले."

लेकीनं तोंड उघडलं. ओठ हलले, मिटले, पुन्हा हलले. सगळ्या गावाची अर्धी वाक्यं पुरी करणाऱ्या त्या पोरीला एक शब्द सापडेना. तिचे डोळे भरून आले, आणि तरी काही येईना. बाईनं आपले दोन्ही हात टेबलावरून काढून मांडीवर घेतले. लेकीच्या तोंडून काय येणार हे तिला माहीत नव्हतं. कदाचित असं काही येणार होतं की त्यानंतर या घरात एकटीनंच राहायचं होतं. ती लेकीकडे बघत राहिली, आणि थांबली.